दहात तीनची कारकीर्द

बेसबॉलची नव्याने ओळख होते तेव्हा क्रिकेटवर वाढलेल्या वाचकाला एक प्रश्न हमखास पडतो. या खेळात दहा वेळा फलंदाजीला येऊन तीनदा यश मिळवणाऱ्याला उत्तम फलंदाज म्हणतात. म्हणजे उरलेल्या सात वेळा तो हात हलवत परत येतो. दहातल्या सात डावांत अपयशी ठरणाऱ्याला आपण संघात तरी ठेवू का? मग बेसबॉलमधली ही माणसं वीस-वीस वर्षं खेळतात कशी आणि थोरांमध्ये त्यांची गणना होते कशी?

उत्तर शोधायला एका खेळाडूची कारकीर्द आपल्याला पुरेशी आहे. त्याचं नाव इचिरो सुझुकी. तो मैदानाच्या उजव्या टोकाला उभा राहणारा आउटफिल्डर होता. जपानमध्ये नऊ आणि अमेरिकेत एकोणीस हंगाम तो खेळला. त्याच्या कारकिर्दीचा एकेक टप्पा पाहत गेलं की आउटफिल्डरचं काम काय असतं आणि त्या कामावर आयुष्य कसं उभं राहतं, हे दोन्ही उलगडतं.

१. कोपऱ्यातून उघडणारं मैदान

क्रिकेटमध्ये फलंदाज मैदानाच्या मधोमध उभा असतो आणि चेंडू कुठल्याही दिशेला मारू शकतो. बेसबॉलचा फलंदाज मैदानाच्या कोपऱ्यात उभा असतो. तिथून दोन सरळ रेषा काटकोनात निघतात आणि त्या दोन रेषांच्या आत पडलेलाच चेंडू ग्राह्य धरतात. कोपऱ्यालगत एक चौरस आखलेला असतो. त्याची प्रत्येक बाजू ९० फुटांची, म्हणजे सुमारे २७.४ मीटरची. चौरसाची चार टोकं म्हणजे होम प्लेट, पहिला बेस, दुसरा बेस आणि तिसरा बेस. फलंदाजाने घड्याळाच्या काट्यांच्या उलट दिशेने ही फेरी पूर्ण करून होम प्लेटला परत यायचं; तेव्हा कुठे संघाच्या खात्यात एक धाव जमा होते.

क्षेत्ररक्षण करणारे नऊ जण असतात. चेंडू फेकणारा पिचर, फलंदाजाच्या मागे बसणारा कॅचर आणि चौरसाभोवती उभे असलेले चौघे इनफिल्डर हे सहा झाले. त्यांच्या पलीकडे भिंतीपर्यंत पसरलेलं सगळं गवत उरलेल्या तिघांनी सांभाळायचं. हे आउटफिल्डर. डावीकडचा लेफ्ट फिल्डर, मधला सेंटर फिल्डर आणि उजवीकडचा राइट फिल्डर. बहुतेक मैदानांत ही भिंत रेषांच्या टोकाशी शंभरेक मीटरवर आणि मध्यभागी १२० मीटरच्या आसपास असते.

तिघांच्या जागांना वेगवेगळे गुण लागतात. सेंटर फिल्डरला सगळ्यात जास्त जागा सांभाळावी लागते, म्हणून तो वेगवान हवा. राइट फिल्डरचा खांदा मजबूत हवा, कारण तिसरा बेस त्याच्यापासून सगळ्यात लांब असतो आणि धावणाऱ्याला तिथे रोखायचं तर लांब आणि नेमकी फेक लागते. आणि हे सगळं करून त्याला फलंदाजीही करायची असते.

२. तीनशेचं गणित

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. फलंदाजाने असा फटका मारला की झेलही गेला नाही, क्षेत्ररक्षकाची चूकही झाली नाही आणि तो बेसवर सुखरूप पोचला, तर त्याला ‘हिट’ म्हणतात. पिचरने वाईट चेंडू टाकल्यामुळे मिळालेला फुकटचा पहिला बेस हिशेबात धरत नाहीत. उरलेल्या संधींपैकी किती वेळा हिट मिळाला, ती त्याची सरासरी. ती तीन दशांश स्थळांपर्यंत लिहितात. दहात तीन म्हणजे .३००, आणि बोलताना सरळ ‘तीनशे’.

हे प्रमाण इतकं कमी का? पिचर फलंदाजापासून अवघ्या साडेअठरा मीटरवर उभा असतो आणि ताशी दीडशे किलोमीटरच्या आसपास वेगाने चेंडू सोडतो. तो फलंदाजापर्यंत पोचायला सेकंदाचा साधारण चार दशांश भाग लागतो. क्रिकेटच्या बॅटला सपाट तोंड असतं. बेसबॉलची बॅट गोल असते. फटका बसला तरी तो काटकोनाच्या आतच जायला हवा आणि तिथे हातमोजे घातलेले क्षेत्ररक्षक उभे असतातच.

आता एक छोटं गणित करू. अमेरिकेतल्या मेजर लीगचा हंगाम १६२ सामन्यांचा, साधारण २६ आठवडे चालणारा. समजा दोन फलंदाजांना हंगामात प्रत्येकी ५०० संधी मिळाल्या. एकाने १५० हिट मारले, त्याची सरासरी .३००. दुसऱ्याने १२५ मारले, त्याची .२५०. पहिला नामवंत आणि दुसरा बेताचा. पण दोघांमध्ये फरक किती? २६ आठवड्यांत २५ हिटचा, म्हणजे आठवड्याला जेमतेम एका हिटचा.

हा एक हिट येतो कुठून? कधी दोन पावलं आधी बेसवर पोचल्यामुळे, कधी एक दिवस जास्त तंदुरुस्त राहिल्यामुळे. बॅट कधी चालते, कधी आठवडा-आठवडा चालत नाही. पाय, खांदा आणि तयारी मात्र रोज कामी आणता येते. इचिरोने आपली कारकीर्द या तीन गोष्टींवर उभी केली.

३. डावखुरा केलेला मुलगा

इचिरोचा जन्म २२ ऑक्टोबर १९७३ चा. तो नागोया शहरालगतच्या तोयोयामा गावात वाढला. तो जन्मतः उजव्या हाताचा. पण वडील नोबुयुकी यांनी त्याला लहानपणापासून फलंदाजी डाव्या हाताने करायला शिकवली. त्यामागचा विचार व्यवहारी होता. होम प्लेटच्या दोन्ही बाजूंना फलंदाजाची जागा आखलेली असते. डावखुरा फलंदाज पहिल्या बेसच्या बाजूला उभा राहतो, त्यामुळे त्याचं एखाद-दुसरं पाऊल वाचतं. शिवाय फटका मारताना त्याच्या अंगाचा झोक पहिल्या बेसच्या दिशेने जातो.

समजा चेंडू जमिनीवरून इनफिल्डरकडे गेला. तो चेंडू उचलणार आणि पहिल्या बेसकडे फेकणार. चेंडू आधी पोचला तर फलंदाज बाद, फलंदाज आधी पोचला तर तो वाचला. साधारण उजव्या फलंदाजाला हे अंतर कापायला सव्वाचार सेकंदांच्या आसपास लागतात. इचिरो चार सेकंदांच्या आत पोचायचा. पाव सेकंद ऐकायला क्षुल्लक वाटतं, पण पूर्ण वेगात धावणारा माणूस तेवढ्यात दोन मीटर पुढे जातो. इतर फलंदाज जिथे हमखास बाद होतात, तिथे इचिरोला हिट मिळायचा आणि इनफिल्डर घाईत चुकायचे ते वेगळंच.

शाळेच्या संघात तो पिचरही होता. पुढे ज्या खांद्याने नाव कमावलं त्याची घडण तिथली. पण अंगकाठी किरकोळ होती. १९९१ च्या निवडीत कोबे शहराच्या ओरिक्स ब्लूवेव्ह संघाने त्याला चौथ्या फेरीत घेतलं. पहिले दोन हंगाम त्याचे बरेचसे दुय्यम संघात गेले. फटका मारण्याआधी पुढचा पाय लंबकासारखा झुलवण्याची त्याची लकब तेव्हाच्या प्रशिक्षकाला पसंत नव्हती.

ही वाट बहुतेक आउटफिल्डरांना चालावी लागते. अमेरिकेतही मेजर लीगखाली मायनर लीगच्या पायऱ्या असतात आणि सगळ्यात वरची ‘ट्रिपल-ए’. बसचे लांब प्रवास, तुटपुंजा पगार आणि वरून बोलावणं येण्याची वाट. निवडलेल्या मुलांपैकी बहुतेकांना ते बोलावणं कधीच येत नाही.

इचिरोला ते १९९४ मध्ये आलं. नवे व्यवस्थापक अकिरा ओगी यांनी त्याला रोज खेळवायचं ठरवलं. सुझुकी हे आडनाव जपानमध्ये फार आढळतं, म्हणून त्याच्या पाठीवर नुसतं ‘इचिरो’ असं नाव लावलं. त्या वर्षी १३० सामन्यांच्या हंगामात त्याने २१० हिट मारले. जपानमध्ये दोनशेचा टप्पा गाठणारा तो पहिलाच. त्याआधीचा विक्रम १९५० सालचा, १९१ हिटचा होता. इचिरोची सरासरी होती .३८५. तिथून २००० पर्यंत सलग सात वर्षं तो आपल्या लीगमध्ये सरासरीत अव्वल राहिला. जानेवारी १९९५ मध्ये कोबेला भीषण भूकंप झाला आणि सहा हजारांहून अधिक माणसं गेली. त्या हंगामात ओरिक्सच्या खेळाडूंनी बाहीवर कोबेला धीर देणारा संदेश लावला आणि संघाने लीग जिंकली. पुढच्या वर्षी जपान सिरीजही जिंकली.

४. उंच चेंडूखाली पोचायचं कसं?

आउटफिल्डरचं काम बघताना आणखी एक प्रश्न पडतो. बॅटचा आवाज होतो न होतो तोच हा माणूस धावत सुटतो आणि चेंडू पडणार तिथेच जाऊन उभा राहतो. चेंडू कुठे पडणार हे त्याला कळतं कसं?

एक समज असा, की तो मनात वेग आणि कोन मोजतो. तसं करायला वेळही नसतो आणि गरजही नसते. १९६८ मध्ये सेव्हिल चॅपमन या भौतिकशास्त्रज्ञाने एक सोपी युक्ती मांडली. सरळ आपल्याकडे येणाऱ्या उंच चेंडूकडे क्षेत्ररक्षक बघत राहतो. चेंडू नजरेत अधिकाधिक वेगाने वर चढताना दिसला, तर तो डोक्यावरून जाणार, मागे धावायचं. त्याचं चढणं मंदावताना दिसलं, तर तो पुढ्यात पडणार, पुढे धावायचं. चेंडू एकसारख्या गतीने चढताना दिसेल अशा बेताने आपली धाव राखली, की पडण्याची जागा आणि क्षेत्ररक्षक आपोआप एकत्र येतात. १९९५ मध्ये मायकेल मॅकबीथ आणि सहकाऱ्यांनी बाजूला जाणाऱ्या चेंडूंसाठी अशीच युक्ती सुचवली. मुद्दा दोन्हींचा एकच: डोळा आणि पाय यांची जोडी लागली पाहिजे आणि ती लागते हजारो झेलांच्या सरावाने.

सगळ्यात फसवा फटका असतो तो थेट अंगावर येणारा. बाजूला जाणाऱ्या चेंडूची वाट दिसते. सरळ येणाऱ्याची खोली पहिल्या क्षणाला कळत नाही. १९६८ च्या वर्ल्ड सिरीजचा, म्हणजे मेजर लीगच्या अंतिम मालिकेचा, सातवा, निर्णायक सामना याच फटक्यावर फिरला. सेंट लुईस कार्डिनल्सचा कर्ट फ्लड हा त्या काळातला अव्वल सेंटर फिल्डर. डेट्रॉइटच्या जिम नॉर्थरपचा फटका सरळ त्याच्याकडे आला आणि फ्लडचं पहिलं पाऊल पुढे पडलं. चेंडू डोक्यावरून मागे गेला, दोन धावा झाल्या आणि कार्डिनल्स विजेतेपद हरले. फ्लडला १९६३ ते १९६९ अशी सात वर्षं उत्कृष्ट क्षेत्ररक्षणाचं ‘गोल्ड ग्लोव्ह’ मिळालं. एवढ्या तोलाच्या माणसालाही एक चुकीचं पाऊल इतकं महाग पडू शकतं. हे पहिलं पाऊल म्हणजे आउटफिल्डरचा अर्धा खेळ.

उरलेला अर्धा भिंतीशी. भिंतीच्या पुढे काही पावलं रुंद असा मातीचा पट्टा ठेवतात, त्याला ‘वॉर्निंग ट्रॅक’ म्हणतात. नजर आभाळात असलेल्या क्षेत्ररक्षकाच्या बुटाखालचं गवत संपून माती लागली, की भिंत जवळ आली हे त्याला पायांतून कळतं. २ मे २००५ रोजी सिॲटलच्या मैदानावर एंजल्स संघाच्या गॅरेट अँडरसनचा फटका भिंतीपलीकडे, म्हणजे होम रनच्या वाटेने, निघाला होता. तेव्हा सिॲटलकडून खेळणाऱ्या इचिरोने धावत येऊन भिंतीवर पाय रोवला, अंग वर उचललं आणि हात उंचावून तो चेंडू पकडला. एक होम रन कमी झाला, एक बाद वाढला.

५. खांद्याचा धाक

११ एप्रिल २००१. इचिरोला मेजर लीगमध्ये खेळू लागून दोन आठवडेही झाले नव्हते. ओकलंडच्या मैदानावर आठवा डाव चालू होता. यजमानांचा टेरेन्स लाँग पहिल्या बेसवर होता. रॅमॉन हर्नांडेझने उजवीकडे जमिनीलगत फटका मारला. अशा फटक्यावर पहिल्या बेसवरचा धावपटू दुसरा बेस ओलांडून तिसऱ्याकडे जातो. रोजचा शिरस्ता तो. लाँगही निघाला. इचिरोने पुढे येत चेंडू उचलला आणि तिसऱ्या बेसकडे सोडला. चेंडू उंच न जाता जवळपास सरळ रेषेत गेला आणि तिसऱ्या बेसवरच्या डेव्हिड बेलच्या हातमोज्यात शिरला. लाँग आला तेव्हा चेंडू तिथे त्याची वाट बघत होता. अमेरिकेत ही फेक आजही नुसती ‘द थ्रो’ म्हणून ओळखली जाते.

हिशेब मांडून बघू. समजा राइट फिल्डरपासून तिसरा बेस ८० मीटरवर आहे. फेकीचा सरासरी वेग ताशी ११० किलोमीटर असेल, तर चेंडूला सुमारे २.६ सेकंद लागतात. वेग १३० असेल तर सुमारे २.२. फरक चार दशांश सेकंदाचा. सेकंदाला आठ मीटर धावणारा माणूस तेवढ्यात तीन मीटरहून जास्त पुढे जातो आणि तीन मीटरमध्ये धावबाद की सुखरूप याचा निकाल लागतो.

पण त्या फेकीचा मोठा लाभ त्या दिवसानंतरचा. ती पाहिलेला धावपटू पुढच्या वेळी दुसऱ्याच बेसवर थांबतो. तिसऱ्यावर असता तर तो एखाद्या उंच झेलावरही धाव काढू शकला असता. दुसऱ्यावरून ते अवघड. ही अडवलेली धाव कुठल्याही धावफलकावर राइट फिल्डरच्या नावावर लिहिली जात नाही. बॅट थंड असतानाही चांगला आउटफिल्डर संघाला का हवा असतो, त्याचं हे एक उत्तर. इचिरोच्या पाठीवर ५१ आकडा होता, म्हणून सिॲटलचे प्रेक्षक राइट फिल्डला ‘एरिया ५१’ म्हणू लागले.

६. खेळाडूवर हक्क कोणाचा?

इचिरो अमेरिकेत आला कसा, हे समजायला करारांची थोडी माहिती हवी आणि तिची सुरुवातही एका आउटफिल्डरपासूनच होते.

अमेरिकेत जवळपास शतकभर खेळाडूच्या करारात एक कलम असायचं. करार संपला तरी खेळाडूवरचा हक्क संघाकडेच राहायचा. संघ त्याला ठेवणार, विकणार किंवा दुसऱ्या खेळाडूच्या बदल्यात देणार. खेळाडूला विचारणार कोणी नाही. ऑक्टोबर १९६९ मध्ये कार्डिनल्सनी कर्ट फ्लडला फिलाडेल्फियाला देऊन टाकलं. तो बारा वर्षं त्या संघात खेळला होता. त्याने जायला नकार दिला, लीगच्या आयुक्तांना पत्र लिहिलं आणि खटला गुदरला. १९७२ मध्ये सर्वोच्च न्यायालयात तो ५ विरुद्ध ३ मतांनी हरला. त्याची कारकीर्द या लढ्यातच संपली. पण प्रश्न चव्हाट्यावर आला होता. डिसेंबर १९७५ मध्ये लवादाने दोन पिचरांच्या बाजूने निवाडा दिला आणि ते कलम मोडलं. आज मेजर लीगमध्ये सहा वर्षांची सेवा पूर्ण केलेला खेळाडू करार संपल्यावर हव्या त्या संघाशी बोलू शकतो. ही मोकळीक आजचे खेळाडू उपभोगतात, त्यात फ्लडच्या त्यागाचा मोठा वाटा आहे.

जपानमध्ये खेळाडूला यासाठी नऊ वर्षं थांबावं लागायचं. त्याआधी जायचं तर ‘पोस्टिंग’ नावाची पद्धत होती. जपानी संघ खेळाडूचं नाव जाहीर करायचा, अमेरिकन संघ बंद लिफाफ्यात बोली लावायचे आणि सर्वाधिक बोली लावणाऱ्याला खेळाडूशी वाटाघाटी करण्याचा हक्क मिळायचा. बोलीची रक्कम जपानी संघाला, पगार खेळाडूला. २००० च्या अखेरीस सिॲटल मरिनर्सनी इचिरोसाठी सुमारे १ कोटी ३१ लाख डॉलर्सची बोली लावून तो हक्क मिळवला.

तोवर जपानमधून मेजर लीगमध्ये गेलेले सगळे पिचर होते. रोज फलंदाजी करणारा जपानी खेळाडू तिथल्या वेगापुढे टिकेल का, अशी शंका अनेकांना होती.

७. दोनशेची दहा वर्षं

पहिल्याच वर्षी उत्तर मिळालं. २००१ मध्ये इचिरोने २४२ हिट मारले, सरासरी .३५० राखली आणि ५६ बेस चोरले. पिचर चेंडू टाकत असताना धावपटूने पुढचा बेस गाठणं म्हणजे बेस चोरणं. हा पुन्हा पायांचाच पराक्रम. वर्षातला सर्वोत्तम नवोदित आणि लीगमधला सर्वांत मोलाचा खेळाडू हे दोन्ही मान त्याला एकाच वर्षी मिळाले. त्याआधी ही जोडी फक्त एकाने साधली होती, १९७५ मध्ये बॉस्टनच्या फ्रेड लिनने, तोही आउटफिल्डरच. मरिनर्सनी त्या हंगामात ११६ सामने जिंकले आणि १९०६ च्या शिकागो कब्जच्या विक्रमाशी बरोबरी केली.

त्या काळात अमेरिकन बेसबॉल होम रनच्या मागे लागलेलं होतं. धिप्पाड आउटफिल्डर चेंडू भिंतीपलीकडे भिरकावून नाव कमवत होते. इचिरोने एकोणीस हंगामांत होम रन मारले ११७. त्याचा भर होता एकेका बेसच्या हिटवर. २००४ मध्ये ७०४ संधींत त्याने २६२ हिट मारले आणि त्यातले २२५ एका बेसचे होते. जॉर्ज सिसलरचा २५७ हिटचा विक्रम १९२० पासून अबाधित होता. तो १ ऑक्टोबर २००४ रोजी मोडला. सिसलरच्या काळात हंगाम १५४ सामन्यांचा होता, हेही इथे नोंदवायला हवं. २००९ मध्ये सेंट लुईसला गेला असताना इचिरोने सिसलरच्या कबरीवर जाऊन फुलं वाहिली.

२००१ ते २०१० ही सलग दहा वर्षं त्याने प्रत्येक हंगामात दोनशेहून जास्त हिट मारले आणि दहाही वर्षं गोल्ड ग्लोव्ह मिळवलं. सलग दहा वर्षं दोनशे हिट दुसऱ्या कोणालाही जमलेले नाहीत.

८. देखभाल

या आकड्यांमागे आणखी एक आकडा आहे. २००५, २००८ आणि २०१० मध्ये तो १६२ पैकी १६२ सामने खेळला. २००९ मध्ये पोटातल्या रक्तस्रावी व्रणामुळे पहिले आठ सामने त्याला बाहेर बसावं लागलं. तरी १४६ सामन्यांत त्याने २२५ हिट मारले. विक्रमासाठी आधी मैदानावर हजर असावं लागतं. आउटफिल्डरचा शत्रू म्हणजे मांडीमागचा स्नायू: वीस मिनिटं एका जागी उभं राहायचं आणि मग एकाच क्षणात पूर्ण वेगाने सुटायचं. स्नायू थंड पडला की फाटतो.

इचिरोचा उपाय साधा होता. दोन चेंडूंच्या मधल्या वेळेतही तो राइट फिल्डमध्ये वाकून पाय ताणत असायचा, खांदे फिरवत असायचा. प्रेक्षकांना वाटे तो रिकामा उभा आहे. तो कधीच रिकामा नसे. सामना संपला की हातमोजा स्वतः पुसून, तेल लावून ठेवायचा. बॅटच्या लाकडात दमट हवेमुळे ओल शिरते आणि वजन बदलतं, म्हणून बॅटी ओल शोषून घेणाऱ्या पेटीत ठेवायचा. रागाने बॅट आपटणं त्याला मंजूर नव्हतं. सिॲटलमध्ये कित्येक वर्षं घरच्या सामन्यांआधीचं त्याचं जेवणही ठरलेलं होतं: पत्नीने केलेली जपानी करी आणि भात. आजचा दिवस कालच्यासारखा सुरू झाला की शरीरात काय बदललं हे लगेच कळतं, असा तो शिस्तीचा उपयोग.

९. उतरती वर्षं

आउटफिल्डरचं वय पायांतून दिसतं. पंचविशी ते तिशी हा बहुतेकांचा भरीचा काळ. मग सेंटर फिल्डचा माणूस कडेला सरकतो, पुढे रोज न खेळता आठवड्यातून दोन-तीनदा खेळतो आणि शेवटी दुसऱ्याच्या जागी एका फलंदाजीपुरता येतो. या शेवटच्या भूमिकेला ‘पिंच हिटर’ म्हणतात.

इचिरो या सगळ्या पायऱ्या उतरला. २०११ मध्ये, सदतिसाव्या वर्षी, तो १८४ हिटवर थांबला आणि दोनशेची मालिका तुटली. जुलै २०१२ मध्ये मरिनर्सनी त्याला न्यूयॉर्क यांकीजकडे दिलं. त्याच संध्याकाळी तो सिॲटलमध्येच, जुन्या प्रेक्षकांसमोर पाहुण्या संघातून उतरला. २०१५ मध्ये तो मायामीला गेला. त्या संघाकडून ७ ऑगस्ट २०१६ रोजी, बेचाळिसाव्या वर्षी, त्याने मेजर लीगमधला तीन हजारावा हिट मारला आणि धावत तिसऱ्या बेसपर्यंत पोचला. २०१७ मध्ये पिंच हिटर म्हणून त्याने २७ हिट मारले. हंगामातल्या विक्रमाला एक कमी पडला. ज्याने आयुष्यभर रोज खेळायची तयारी केली, त्याने एका संधीसाठीही तेवढीच तयारी केली.

२१ मार्च २०१९ रोजी टोकियो डोममध्ये, ४५ व्या वर्षी, पुन्हा मरिनर्सच्या पोशाखात तो शेवटचा सामना खेळला. शेवटच्या संधीत त्याला हिट मिळाला नाही. आठव्या डावात तो राइट फिल्डमध्ये जाऊन उभा राहिला, मग त्याला परत बोलावलं आणि सगळं मैदान टाळ्या वाजवत उभं राहिलं. मेजर लीगमधला पहिलाच सामना खेळणारा जपानी पिचर युसेई किकुची त्याला मिठी मारून रडला.

१०. हिशेब

मेजर लीगमध्ये इचिरोला ९,९३४ संधी मिळाल्या, ३,०८९ हिट मिळाले आणि सरासरी राहिली .३११. जपानमधले १,२७८ मिळवले तर एकूण हिट ४,३६७. दोन वेगळ्या दर्जाच्या लीगची बेरीज करावी का, हा वाद चालू राहील. त्या वादावाचूनही ३,०८९ भक्कम आहेत.

पण वजाबाकीही करून पाहावी. ९,९३४ वजा ३,०८९ म्हणजे ६,८४५. इतक्या वेळा तो हिटविना राहिला. जानेवारी २०२५ मध्ये बेसबॉलमधल्या थोरांच्या हॉल ऑफ फेमसाठी मतदान झालं. निवड व्हायला ७५ टक्के मतं लागतात. ३९४ पैकी ३९३ जणांनी त्याला मत दिलं. हा मान मिळवणारा तो आशियात जन्मलेला पहिला खेळाडू.

मतदारांनी ६,८४५ कडे दुर्लक्ष केलं नाही. बेसबॉलमध्ये फलंदाज बहुतेक वेळा अपयशी ठरणार, हे सगळ्यांना ठाऊक असतं. अशा खेळात माणसाचं मोल ठरतं ते अपयशाच्या दिवशी तो संघाला आणखी काय देतो यावर: एक वाचवलेला बेस, एक अडवलेली धाव, एक नेमकं पहिलं पाऊल. दहात तीनचा खेळाडू महान कसा, या प्रश्नाचं उत्तर उरलेल्या सातांत आहे.

आपल्याकडे मुलांना क्रिकेट शिकवताना लहान किंवा कच्च्या मुलाला सीमारेषेवर नेऊन उभं करतात आणि त्या मुलालाही ती शिक्षाच वाटते. शिकवणाऱ्यांना एवढंच सांगावंसं वाटतं, की त्या मुलाला तिथे नुसतं उभं करू नका. पहिलं पाऊल कसं टाकायचं, उंच चेंडूवर नजर कशी ठेवायची, फेक सपाट कशी करायची, हे त्याला रोज शिकवा. फलंदाजी सगळ्यांनाच रोज साथ देत नाही. चांगलं क्षेत्ररक्षण मात्र मेहनती मुलाला रोज साथ देऊ शकतं.